बुरशीने चालणारा रोबो: संकेत बुरशीचाच, हे कशावरून?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: रोबॉटिक्सच्या शेवटच्या वर्षाला आहात, कॉर्नेल विद्यापीठातल्या बुरशीने चालणाऱ्या रोबोचा व्हिडिओ पाहिलात, आणि आता विचारताय की यात बुरशी खरोखर काही करते की नुसती हवा आहे. करत असेल तर वर्षभराच्या प्रकल्पात आपल्यालाही असं काही जमेल का, आणि पुढे याच विषयात पीएचडी करण्यात अर्थ आहे का. मी रोबोवाल्यांच्या शेजारीच बसतो, पण माझं रोजचं काम सजीव पेशींमधून येणारे बारीक विद्युत संकेत मोजण्याचं. त्यामुळे उत्तर त्या बाजूने येईल, आणि थोडं लांबेल.

प्रश्न तीन दिसत असले तरी त्यांच्या पोटात एकच आहे: इलेक्ट्रोडवर, म्हणजे संकेत टिपणाऱ्या तारेच्या टोकावर, जे काही दिसतंय ते बुरशीकडूनच येतंय, हे कशावरून? संकेत आला की मोटर फिरवणं हे तुमच्यासारख्या विद्यार्थ्याला किरकोळ काम आहे. सगळा घाम त्याच्या आधीच्या टप्प्यावर निघतो, आणि व्हिडिओत नेमका तोच टप्पा दिसत नाही.

आधी कॉर्नेलमध्ये काय झालं ते नीट पाहू. रॉब शेफर्ड यांच्या ऑरगॅनिक रोबॉटिक्स प्रयोगशाळेचा शोधनिबंध ऑगस्ट २०२४ मध्ये ‘सायन्स रोबॉटिक्स’मध्ये आला. पहिले लेखक आनंद मिश्रा, आणि इटलीतल्या फ्लॉरेन्स विद्यापीठाचाही सहभाग होता. बुरशी निवडली किंग ऑयस्टर, म्हणजे आपल्या धिंगरी अळिंबीची जवळची नातेवाईक. अळिंबीची छत्री यात कुठेच नाही. वापरलं ते मायसेलियम, म्हणजे खाली पसरणारं पांढऱ्या तंतूंचं जाळं. रोबो दोन: एक मऊ पायांचा, कोळ्यासारखा चालणारा, आणि दुसरा चाकांचा. प्रयोग तीन. पहिल्यात मायसेलियममधून आपोआप उठणाऱ्या विद्युत ठोक्यांवर रोबो चालले. दुसऱ्यात जाळ्यावर अतिनील प्रकाश टाकला, तसे ठोके बदलले आणि रोबोची चाल बदलली. तिसऱ्यात बुरशीचा मूळ संकेत बाजूला सारून रोबोचा ताबा बाहेरून घेता येतो हे दाखवलं.

मग बुरशी रोबो चालवते का? तुम्ही ‘चालवणं’ कशाला म्हणता त्यावर आहे. पाय कोणता आधी उचलायचा, तोल कसा सांभाळायचा, यातलं बुरशीला काहीही ठाऊक नाही. कच्चा संकेत घ्यायचा, त्यातला गोंगाट काढायचा, ठोके ओळखायचे आणि त्यांचं मोटरला कळेल अशा आज्ञेत रूपांतर करायचं, हे सगळं नियंत्रक करतो. त्याची रचना प्राण्यांच्या मज्जासंस्थेतल्या लयनिर्मात्या जोडण्यांवरून सुचलेली आहे. आपल्याला चालताना प्रत्येक पावलाचा विचार करावा लागत नाही तो या जोडण्यांमुळे. बुरशीची भूमिका बसमधल्या कंडक्टरची म्हणा: घंटी त्याची, स्टिअरिंग दुसऱ्याच्या हातात. पण घंटी खरी आहे. प्रकाश पडला, जिवंत जाळ्यात काहीतरी बदललं, आणि तो बदल शेवटी चाकापर्यंत पोचला, एवढं सिद्ध झालं तर ते थोडं नाही. ‘बुरशीचा मेंदू’ वगैरे मथळे मात्र सोडून द्या. तिथे मेंदूही नाही आणि चेतापेशीही नाहीत.

विद्युत संकेत ही बुरशीच्या बाबतीत नवी बातमी नाही. न्यूरोस्पोरा या बुरशीत चेतापेशींसारखे विद्युत ठोके उठतात हे १९७६ मध्येच नोंदलं गेलं होतं. बुरशीची पेशी सतत प्रोटॉन बाहेर ढकलत असते, त्यामुळे तिच्या आतला आणि बाहेरचा विद्युतदाब वेगळा राहतो. न्यूरोस्पोरात हा फरक जवळपास २०० मिलिव्होल्टपर्यंत जातो. आकडा मोठा वाटतो, पण तो पेशीपटलाच्या दोन बाजूंमधला. तुमचा इलेक्ट्रोड पेशीच्या आत शिरलेला नसतो, तो जाळ्यात बाहेरून खोचलेला असतो, आणि तिथे हाती लागतो त्याचा अगदी पातळ अंश. ब्रिस्टलच्या वेस्ट ऑफ इंग्लंड विद्यापीठातले अँड्र्यू अ‍ॅडमॅट्स्की गेली काही वर्षं अशी मोजमापं करतायत. २०२२ च्या त्यांच्या निबंधात चार जातींच्या बुरशींचे ठोके आहेत: उंची ०.०३ ते २.१ मिलिव्होल्ट, आणि एकेका ठोक्याचा कालावधी १ ते २१ तास. त्याआधी, २०१८ मध्ये, गुलाबी धिंगरीत त्यांना याहून बरेच वेगवान ठोके दिसले होते, साधारण अडीच मिनिटांच्या आणि १४ मिनिटांच्या अंतराने येणारे.

हे आकडे समोर ठेवा आणि आता तुमच्या टेबलावरच्या आर्डुइनोकडे, त्या छोट्या नियंत्रक बोर्डाकडे, बघा. त्याचा एडीसी, म्हणजे विद्युतदाबाचे आकडे करणारा भाग, १० बिटांचा, ५ व्होल्टवर. एक पायरी, म्हणजे त्याला ओळखता येणारा सगळ्यात लहान फरक, झाली जवळपास ४.९ मिलिव्होल्टची. म्हणजे अ‍ॅडमॅट्स्कींचा सगळ्यात उंच ठोकाही तुमच्या एका पायरीच्या निम्म्यातसुद्धा येत नाही. थेट तारा जोडून आलेख वर-खाली होताना दिसला तर तो गोंगाटाचा नाच आहे, बुरशीचा त्याच्याशी संबंध नाही. २४ बिटांचा, खूप बारीक पायऱ्यांचा सिग्मा-डेल्टा एडीसी लागेल, आणि त्याच्यापुढे फार मोठ्या इनपुट रोधाचा इन्स्ट्रुमेंटेशन अ‍ॅम्प्लिफायर, म्हणजे बारीक संकेत मोठा करणारं सर्किट. रोध मोठा का, तर मायसेलियम हा अगदी अशक्त स्रोत आहे. मोजणाऱ्या यंत्राने थोडा जरी प्रवाह ओढला तरी मोजायचं ते मोजण्याआधीच बसतं.

आता ज्या फसगती मी विद्यार्थ्यांच्या आलेखांत वारंवार बघतो त्यांच्याकडे येतो. इथे जरा थांबणार आहे, कारण तुमचा प्रकल्प उभा राहील किंवा पडेल तो इथेच.

संकेत हळू आहे म्हणून बहुतेक जण सेकंदाला एक नमुना, म्हणजे एकच मोजणी, घेतात. वरवर पाहता यात काही चूक नाही. पण खोलीत ५० हर्ट्झची वीज आहे (काही देशांत ६०). तिची वारंवारता ५० वर खिळलेली नसते, शतांश हर्ट्झने इकडेतिकडे सरकत असते. वीज ५०.०१ हर्ट्झवर असेल आणि तुम्ही दर सेकंदाला क्षणभरच डोकावत असाल, तर आलेखावर १०० सेकंदांची संथ, देखणी लाट उमटेल. वारंवारता सरकली की लाटेची लांबीही बदलेल, त्यामुळे ती आणखीच जिवंत वाटेल. लाट खरी, पण ती भिंतीतल्या वायरिंगची. उपाय सोपा आहे: नमुना घेताना विजेच्या पूर्ण आवर्तनांवर सरासरी घ्या, किंवा ५० आणि ६० हर्ट्झ दोन्ही आतच गाळणारा एडीसी वापरा. आधी वेगाने मोजा, मग गाळा, मग नमुने विरळ करा. हा क्रम उलटा झाला की चुकलेलं नंतर कुठल्याही सॉफ्टवेअरने दुरुस्त होत नाही.

दुसरी फसगत प्रकाशाची, आणि तुम्हाला प्रकाशाचाच प्रयोग करायचा आहे म्हणून ही नीट वाचा. जैविक मोजमापात सिल्व्हर-सिल्व्हर क्लोराइड इलेक्ट्रोड लोकप्रिय आहेत, कारण ते स्थिर असतात. पण सिल्व्हर क्लोराइड स्वतःच प्रकाशाला प्रतिसाद देतं. जुन्या फोटोग्राफीच्या कागदात ते त्यासाठीच वापरत. त्यावर अतिनील झोत पडला की इलेक्ट्रोडचा विद्युतदाब सरकतो, समोर बुरशी असो वा नसो. ‘दिवा लावला आणि ठोका आला’ असा आलेख कोणी माझ्यासमोर ठेवला तर मी सगळ्यात आधी विचारतो, इलेक्ट्रोड झाकले होते का? शिवाय दिवा गरमही करतो. तापमान बदललं की इलेक्ट्रोडचा दाब बदलतो, आणि आगर, म्हणजे बुरशी ज्यावर वाढते ती जेली, सुकलं की क्षारांचं प्रमाण बदलून तो पुन्हा बदलतो. इन्क्युबेटरचं किंवा एसीचं थर्मोस्टॅट काही मिनिटांनी चालू-बंद होत असतं, आणि त्याची लय बुरशीच्या म्हणवल्या जाणाऱ्या लयीच्या अगदी जवळ जाऊ शकते. म्हणून तापमान आणि आर्द्रता यांची नोंद विद्युतदाबाच्या शेजारच्याच रकान्यात हवी, त्याच घड्याळाने. नंतर जुळवू म्हणाल तर जुळत नाही.

तिसरी फसगत खास रोबोवाल्यांची. बुरशी वाढवलेली बशी रोबोच्या पाठीवर बसवली, मोटर फिरली, बशी हादरली, इलेक्ट्रोड केसभर हलला, ठोका नोंदला गेला, त्या ठोक्याने मोटर पुन्हा फिरली. झालं, रोबो स्वतःच स्वतःला हाकतोय आणि बुरशी नुसती सवारी करतेय. कॉर्नेलच्या गटाने कंपनं आणि विद्युतचुंबकीय व्यत्यय अडवणारी जोडणी मुद्दाम बांधली ती यासाठीच. माझ्या मते त्या कामातला सगळ्यात शिकण्यासारखा भाग तोच आहे, भले व्हिडिओत तो कंटाळवाणा दिसो. तुम्ही पहिल्या टप्प्यात बशी धातूच्या जाळीच्या पेटीत टेबलावरच ठेवा, मोजणारं सर्किट बॅटरीवर चालवा, आणि आज्ञा बिनतारी पाठवा. रोबो शेजारच्या खोलीत चालला तरी सिद्ध व्हायचं ते तेवढंच सिद्ध होतं.

या सगळ्यावर तोडगा म्हणजे तुलनेच्या बशा. एक बशी बुरशीविना, नुसत्या आगराची. एक मेलेल्या बुरशीची: तेवढंच वाढलेलं जाळं ऑटोक्लेव्हमध्ये, म्हणजे दाबाखालच्या वाफेने निर्जंतुक करणाऱ्या यंत्रात, १२१ अंशांवर मारलेलं, आणि थंड झाल्यावर तेच इलेक्ट्रोड त्याच अंतरावर खोचलेले. एका चॅनेलला नुसता रोधक. आणि जिवंत बशा एकाहून जास्त. सगळ्यांची नोंद एकाच वेळी, एकाच पेटीत. मेलेल्या बशीतही ठोके दिसले तर बुरशीला सुट्टी द्या आणि तारा तपासा. दिसले नाहीत, तर दिव्याचं वेळापत्रक मित्राकडून यादृच्छिक बनवून घ्या, लखोट्यात बंद करा, आणि आलेख पाहून दिवा कधी लागला होता ते लिहून काढा. मगच लखोटा उघडा. संथ, डगमगत्या आलेखात हवं ते दिसण्याची आपली सगळ्यांचीच खोड या एका युक्तीने आटोक्यात राहते.

अर्थात यातलं बरंच परिस्थितीवर अवलंबून आहे. जात कोणती, जाळं किती वयाचं, आगरावर वाढलंय की लाकडाच्या भुशावर, इलेक्ट्रोड किती अंतरावर, ओलावा किती. एका बशीत सुंदर ठोके आणि तिच्याच बरोबर लावलेल्या दुसरीत सपाट रेघ, हे नेहमीचं आहे. त्यामुळे ‘किती मिलिव्होल्टला रोबो हलवायचा’ असा पक्का आकडा मी देणार नाही. प्रत्येक बशीची आधी काही काळ नुसती नोंद घ्यायची, तिची शांत पातळी आणि तिचा डगमग किती ते पाहायचं, आणि उंबरठा त्यावरून ठरवायचा. तोही प्रयोग सुरू होण्याआधी. मधे बदलायचा नाही.

बुरशी वाढवण्याचं कौशल्य हा वेगळाच विषय आहे, आणि इंजिनिअर मंडळी त्याला हमखास कमी लेखतात. धिंगरी वाढवायला सोपी, हे खरं. पण बशीला भोक पाडून इलेक्ट्रोड घातला की तुम्ही दारच उघडता. ट्रायकोडर्माची हिरवी बुरशी आत आली तर तुमचं पांढरं जाळं बघता बघता गिळते, आणि तुम्ही मोजत बसता भलत्याचेच संकेत. कॉर्नेलमध्ये मिश्रांनी यासाठी विद्यापीठातल्या कवकतज्ज्ञ कॅथी हॉज यांच्याकडून स्वच्छ संवर्धन शिकून घेतलं, आणि संकेत कसे टिपायचे ते ब्रूस जॉन्सन या चेताशास्त्रज्ञाकडून. दोघांचीही नावं निबंधावर आहेत. तुम्हीही जीवशास्त्र विभागाचं दार आधी ठोठवा. आगर ओतण्याआधीच इलेक्ट्रोड निर्जंतुक करून बशीत बसवा आणि जाळं त्यांच्यावर वाढू द्या. नंतर खोचण्यापेक्षा हे बरं. छत्र्या धरू देऊ नका, कारण धिंगरीचे बीजाणू श्वासावाटे सतत आत गेले तर फुप्फुसांना ॲलर्जीचा त्रास होतो. अतिनील दिव्यासाठी चष्मा घाला. आणि प्रयोगातली अळिंबी कोणी खात नाही, हे दरवर्षी कोणाला तरी सांगावं लागतं.

एवढा खटाटोप करून मिळतं काय? रोबो चालवायला एक साधा टायमर पुरतो, तेव्हा चालवण्यासाठी बुरशी वापरणं हे कारण लटकं आहे. खरं कारण संवेदनाचं. जिवंत जाळं एकाच वेळी प्रकाश, स्पर्श, रसायनं, ओलावा यांना प्रतिसाद देतं, स्वतःची डागडुजी स्वतः करतं आणि वाढतं. शेफर्ड यांनी पुढची दिशा म्हणून शेतातल्या मातीचं रसायन ओळखून खत कधी घालायचं ते ठरवणाऱ्या रोबोचा उल्लेख केला आहे. मला ती दिशा पटते, पण एक अडचण त्यांच्याच नव्हे, सगळ्यांच्याच वाटेत आहे: प्रतिसाद अनेक गोष्टींना येतो म्हणजे कशाला आला हे सांगणं अवघड. नायट्रेट वाढलं की ढग हटला? हे वेगळं करता आलं नाही तर संवेदक म्हणून उपयोग नाही. प्राण्यांच्या चेतापेशींच्या तुलनेत मात्र बुरशी फारच सोशिक. इंग्लंडमधल्या रेडिंग विद्यापीठात केविन वॉरविक यांच्या गटाने २००८ मध्ये उंदरांच्या चेतापेशींवर चालणारा छोटा रोबो दाखवला होता. त्या पेशींना शरीराएवढं तापमान आणि निर्जंतुक पोषक द्रव सतत लागायचा. बुरशी खोलीतल्या हवेत, बऱ्याच थंडीतही टिकते.

वाचताना दोन गोष्टींत गल्लत होऊ देऊ नका. फायसॅरम या पिवळ्या चिखलबुरशीवर चालणारा सहा पायांचा रोबो सोइचिरो त्सुदा, क्लाउस-पीटर झाउनर आणि युकिओ-पेगिओ गुंजी यांनी २००६ च्या सुमारास केला होता. नावात बुरशी असली तरी फायसॅरम बुरशी नव्हे. ती अमीबाच्या कुळातली अवाढव्य पेशी आहे आणि तिचं आकुंचन-प्रसरण डोळ्यांना दिसण्याजोगं असतं. तिथे संकेत टिपला तो पेशीतून आरपार जाणाऱ्या प्रकाशातून, इलेक्ट्रोडशिवाय. दुसरं म्हणजे ‘बुरशीच्या भाषेत ५० शब्द’ ही बातमी. अ‍ॅडमॅट्स्कींनी ठोक्यांच्या गटांची मानवी भाषेतल्या शब्दांच्या लांबीशी सांख्यिकीय तुलना केली होती. त्यावरून बुरशी बोलते असं म्हणणं म्हणजे उडी आहे, आणि अनेक शरीरक्रियातज्ज्ञांनी त्यावर आक्षेपही घेतलेत. प्रबंधात तो दावा उद्धृत करणार असाल तर आक्षेपांसकट करा.

तर तुमच्या प्रकल्पाचं काय? माझा सल्ला असा की विषयाचं नावच बदला. ‘बुरशीने चालणारा रोबो’ असं लिहिलंत तर परीक्षकांना रोबो चाललेला हवा असतो, आणि शेवटच्या महिन्यात उंबरठा गुपचूप खाली ओढायचा मोह होतो. ‘धिंगरीच्या मायसेलियमचा प्रकाशाला विद्युत प्रतिसाद आणि त्यावर आधारित नियंत्रण’ असं ठेवा. पहिलं सत्र मोजणी यंत्रणा आणि तुलनेच्या बशा. दुसऱ्यात लखोट्याचा प्रयोग. तो पास झाला तरच रोबो जोडा, तोही चाकांचा, वेग कमी-जास्त होण्याइतकाच. पास झाला नाही तर ‘या मांडणीत प्रतिसाद गोंगाटापासून वेगळा करता आला नाही, गोंगाट अमुक इतका होता’ हा निष्कर्ष स्वच्छ आकड्यांसह मांडा. जाणकार परीक्षक त्याला डगमगत्या व्हिडिओपेक्षा जास्त गुण देईल. मार्गदर्शकांना हे आधीच पटवून ठेवा, कारण सगळेच परीक्षक जाणकार नसतात.

पीएचडीचं उत्तर गटावर अवलंबून आहे. नुसत्या रोबॉटिक्स विभागात, जीवशास्त्राचा सहमार्गदर्शक नसताना, हा विषय घेऊ नका. पहिली दोन वर्षं बशा सडण्यात जातील. तसा सहमार्गदर्शक असेल तर क्षेत्र अजून मोकळं आहे. उदाहरणार्थ, ओहायो स्टेट विद्यापीठाच्या संशोधकांनी २०२५ मध्ये शिटाके अळिंबीपासून मेमरिस्टर, म्हणजे आधीची विद्युत अवस्था लक्षात ठेवणारे घटक, बनवून ते हजारो हर्ट्झपर्यंत चालवले. बुरशी तिथे वाळवलेली होती, जिवंत संकेतांचा प्रश्नच नव्हता. म्हणजे जिवंत संवेदक आणि बुरशीजन्य पदार्थ हे दोन रस्ते वेगळे आहेत आणि त्यांना लागणारी कौशल्यंही वेगळी. सर्किट आणि पदार्थविज्ञान आवडत असेल तर दुसरा रस्ता लवकर फळ देतो. संकेत, सांख्यिकी आणि सजीवांची चिकाटीने निगा राखणं झेपत असेल तर पहिला.

पुढचं नेमकं सांगायला मला तीन गोष्टी कळवा: हाताशी एडीसी कोणता आहे, ऑटोक्लेव्ह वापरायला मिळेल का, आणि बुरशीचं शुद्ध बीज कुठून घेणार आहात. सर्किटची आकृती काढली असेल तर तीही जोडा. विशेषतः जमिनीच्या तारा कुठे एकत्र येतात ते दाखवा, निम्मी अडचण बहुधा तिथेच निघेल.